फवारणीच्या विषबाधेवर माहितीपट करीत आहोत: कंपनीचे नाव घ्यावे का?

तिफण
नमस्कार. मी घाटंजी तालुक्यातील एका गावात राहते. माझा धाकटा भाऊ लग्नांचे चित्रीकरण करतो. चातुर्मासात मुहूर्त नसल्यामुळे त्याचा कॅमेरा आषाढीपासून कपाटात असतो, आणि नेमक्या त्याच दिवसांत आमच्याकडे कपाशीवर फवारणी चालते. कॅमेरा रिकामा, विषय डोळ्यांसमोर, म्हणून गेल्या पावसाळ्यापासून आम्ही दोघे फवारणीच्या विषबाधेवर माहितीपट करीत आहोत.

२०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर दगावले आणि शेकडो जण रुग्णालयात दाखल झाले, हे येथे बहुतेकांना आठवत असेल. त्या वर्षी वृत्तवाहिन्यांच्या गाड्या आल्या आणि गेल्या. विषबाधा मात्र पूर्णपणे थांबली नाही. आमच्याच गावातील एक मजूर मागच्या भाद्रपदात अकरा दिवस रुग्णालयात होता. तो वाचला, आणि कॅमेऱ्यासमोर बोलायलाही तयार आहे. त्याच्या बायकोने औषधाची रिकामी बाटली आणि दुकानाची चिठ्ठी पत्र्याच्या पेटीत जपून ठेवली आहे.

आमच्यापुढे तीन प्रश्न आहेत. बाटलीवरचे कंपनीचे नाव दाखवावे की झाकावे? मजुराचा चेहरा दाखवावा का? आणि हा माहितीपट गावाला सावध करण्यासाठी करावा, की कंपनीला जाब विचारण्यासाठी? माझ्या मते जाब विचारणे हाच हेतू असावा. भावाचे म्हणणे आहे की तसे केले तर तो गावात कुणी लावूच देणार नाही.

खारपाणपट्टा
आधी प्रेक्षक ठरवा, म्हणजे निम्मे प्रश्न सुटतील. गावासाठी करायचा असेल तर वीस मिनिटे पुरेत आणि बोली वऱ्हाडीच हवी. मंत्रालयासाठी करायचा असेल तर आकडे आणि कागद हवेत. महोत्सवासाठी करायचा असेल तर सूर्यास्ताची बरीच दृश्ये घ्यावी लागतील.

रात्रपाळी
मी ग्रामीण रुग्णालयात परिचारिका आहे, म्हणून माझी मागणी सर्वांत साधी आहे. आपल्या माहितीपटात काहीही दाखवा, पण रुग्णासोबत बाटली आणायची असते एवढे ठसठशीतपणे दाखवा.

सेंद्रिय फॉस्फरसच्या गटातील विष शरीरातले कोलिनेस्टरेज नावाचे विकर बंद पाडते. मग लाळ थांबत नाही, घामाने कपडे भिजतात, डोळ्याची बाहुली टाचणीच्या टोकाएवढी होते आणि छाती पाण्याने भरल्यासारखी घरघरते. अशा रुग्णाला अॅट्रोपीन देऊन वाचवता येते. पण पंपात दुसऱ्याच गटाचे औषध असेल तर अॅट्रोपीन हा त्यावरचा उतारा नसतो, आणि डायफेन्थियुरॉनसारख्या काही औषधांना नेमका उताराच नाही, लक्षणे पाहून सांभाळावे लागते. त्यात आपल्याकडे एका पंपात दोन-तीन औषधे एकत्र करण्याची सवय. नातेवाईक सांगतात, "पांढरं होतं, वास मारत होतं." रात्री दोन वाजता त्या वर्णनावरून काय ओळखणार?

आणखी एक. विष पोटात गेले तरच बाधा होते असा समज अजून आहे. गळक्या पंपाने ओली झालेली पाठही पुरेशी असते. कपडे काढून साबणाने अंग धुणे हा पहिला उपचार आहे, आणि तो धुऱ्यावरच, म्हणजे शेताच्या बांधावरच, करायचा असतो. येणारे बहुतेक रुग्ण मात्र त्याच ओल्या बंडीत येतात.

धुरकरी
ताई, आपला हेतू चांगला असेल, पण मला हा उद्योग पटत नाही. मी नऊ एकर कपाशी करतो. बोंडअळी आली की आठवड्याच्या आत फवारावेच लागते. पूर्वी असे एक प्रकरण गाजले तेव्हा काही औषधांवर बंदी आली, आणि आमच्या बाजूला तीच औषधे बिलाशिवाय, जास्त भावाने मिळू लागली. उद्या आपला माहितीपट गाजला तर कंपनीचे काही बिघडणार नाही, दुकानदार हात वर करील आणि मी मात्र नकली माल पाठीवर घेऊन उभा राहीन. सावध करा, जरूर करा. हातांत मोजे घालायला सांगा, वाऱ्याच्या दिशेने फवारायला सांगा. जाब विचारण्याची चैन ज्यांचे पीक वावरात उभे नाही त्यांना परवडते.

उंबरझरा
धुरकरीभाऊ, "मोजे घालायला सांगा" हेच तर कंपन्याही म्हणतात! सुरक्षित फवारणीचे मेळावे तेच घेतात, टोप्या तेच वाटतात, आणि शेवटी निष्कर्ष निघतो की मजूर निष्काळजी होता. फक्त सावध करणारा माहितीपट करायचा असेल तर ताईंनी कंपनीकडेच प्रायोजकत्व मागावे. चहापाण्यासकट मिळेल.

कृषीकेंद्रवाला
या धाग्यावर दुकानदार म्हणून मी एकटाच दिसतो, तेव्हा दोन शब्द माझ्या बाजूचे. शेतकरी दुकानात येतो तेव्हा त्याला किडीचे नाव ठाऊक नसते. तो पान दाखवतो आणि म्हणतो, "जोरदार काही द्या." मी नाही म्हटले तर तो समोरच्या दुकानात जातो, आणि माझी मागची उधारीही त्याच्यासोबत जाते. कंपनीचा प्रतिनिधी हंगामाच्या आधीच किती पेट्या उचलायच्या ते सांगून जातो. पूर्ण केल्या तर सहल, नाही केल्या तर पुढच्या वर्षी चालणारा माल मिळत नाही. लेबलवर चार रंगांचे त्रिकोण असतात: लाल अत्यंत विषारी, पिवळा अतिविषारी, निळा मध्यम, हिरवा त्या मानाने सौम्य. वीस वर्षांत रंग विचारून औषध मागणारे गिऱ्हाईक मला हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच भेटले.

मी दोषी नाही असे म्हणत नाही. पण माहितीपटात खलनायक म्हणून दुकानदार सर्वांत स्वस्तात मिळतो, तेवढे ध्यानात ठेवावे.

वकीलपेठ
मी अमरावतीला वकिली करतो. कायद्याच्या अंगाने लिहितो, जरा लांबेल.

कंपनीचे नाव घ्यायला बंदी नाही. मात्र बदनामीच्या कायद्यात कंपनीही 'व्यक्ती'च धरली जाते. पूर्वी ते भारतीय दंड संहितेचे कलम ४९९ होते, आता भारतीय न्याय संहितेचे ३५६ आहे. सत्य आणि लोकहित या दोन्ही गोष्टी दाखवता आल्या तर बचाव आहे. त्यामुळे "या कंपनीने माणूस मारला" असे निवेदन कधीही टाकू नका. "अमुक तारखेला या माणसाने ही बाटली फवारली, हे लेबल, हा बॅच नंबर, ही दुकानाची चिठ्ठी, हा रुग्णालयाचा कागद, हा रक्ताचा अहवाल" एवढेच ओळीने दाखवा आणि थांबा. जोडणी प्रेक्षक करील. चिठ्ठी कच्ची असेल आणि तिच्यावर बॅच नंबर नसेल, तर ते उणे लपवू नका, तेही दाखवा.

मूळ चित्रण न कापता जपा. ते पुढे न्यायालयात द्यायची वेळ आली तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खाली प्रमाणपत्र लागते. कोणत्या यंत्रावर, कधी, कुणी चित्रित केले याची वही आजपासूनच घाला.

आता दोन उदाहरणे. भोपाळच्या वायुकांडावर 'बियाँड जेनोसाइड' नावाचा माहितीपट झाला. त्याला १९८७ चा सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरीही दूरदर्शनने तो दाखवायला नकार दिला. कारणे वाचण्यासारखी आहेत: विषय जुना झाला, मांडणीत संयम नाही, भरपाईचे दावे न्यायप्रविष्ट आहेत, राज्य सरकारवर टीका आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९९२ मध्ये न्यायालयाने निर्मात्यांच्या बाजूने निकाल दिला. सरकारवर टीका आहे एवढ्यावरून माहितीपट नाकारता येत नाही, हा त्याचा गाभा. पण १९८४ च्या डिसेंबरातील घटना आणि हा निकाल यांत किती वर्षे गेली तेही मोजा.

दुसरे उदाहरण उलट्या दिशेचे आहे. इक्वेडोरच्या जंगलातील तेलप्रदूषणावर 'क्रूड' हा माहितीपट २००९ मध्ये आला. शेवरॉन कंपनीने अमेरिकेतील न्यायालयात त्याचे न वापरलेले चित्रण मागितले. ते सहाशे तासांच्या घरात होते. दिग्दर्शक म्हणाला, मी पत्रकार आहे, माझे साहित्य सुरक्षित असले पाहिजे. २०११ मध्ये अपील न्यायालयाने म्हटले की पीडितांच्या वकिलानेच त्याला माहितीपट करायला सुचवले होते आणि त्यांच्या सांगण्यावरून त्याने दृश्यही बदलले होते, तेव्हा त्याला स्वतंत्र पत्रकाराचे पूर्ण संरक्षण मिळणार नाही. म्हणून पीडितांच्या बाजूने जरूर उभे राहा, पण संकलनाच्या खोलीत कुणालाही बसू देऊ नका. मलाही नाही.

खारपाणपट्टा
वकीलसाहेब, फी कुठे पाठवायची?

वकीलपेठ
कापूस विकल्यावर. म्हणजे मिळणार नाही हे मला ठाऊक आहे.

कोळसाधूळ
मी चंद्रपूर जिल्ह्यातला. काही वर्षांपूर्वी आम्ही चार मित्रांनी खाणीच्या वाहतुकीच्या रस्त्यावरील धुळीवर एक छोटा माहितीपट केला होता. त्यात एक बाई होती. तिने अंगणातले वाळवण दाखवले. सकाळी घातलेल्या कुरडया दुपारपर्यंत राखाडी झाल्या होत्या. तिने एक कुरडई ताटलीत घेऊन कॅमेऱ्यासमोर बोट फिरवले आणि काळे झालेले बोट दाखवले. आम्हांला वाटले, बस, हेच आपले शेवटचे दृश्य.

माहितीपट शहरात दोनदा दाखवला, टाळ्या पडल्या. महिन्याभरात त्या बाईच्या नवऱ्याचे कंत्राटी काम सुटले. कारण कुणी सांगितले नाही, आम्हांला ते सिद्धही करता येणार नाही. आम्ही तिची परवानगी घेतली होती, कागदावर सही होती. पण त्या दिवशी तिला विचारले होते ते "दाखवू का?" एवढेच. "हे पाहून तुमच्या घरी काय होऊ शकते?" हा प्रश्न आम्ही विचारला नाही, कारण आम्हांला तो सुचलाच नाही. पुढे तिच्या घरी गेलो तेव्हा तिने चहा दिला, पण माहितीपटाविषयी एक शब्द काढला नाही.

म्हणून चेहऱ्याच्या प्रश्नावर माझे मत असे: एकदा विचारू नका, तीनदा विचारा. चित्रणाच्या आधी, कापून तयार झाल्यावर त्यांना दाखवून, आणि पहिल्या जाहीर प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी. तिसऱ्यांदा नाही म्हणाले तर ते दृश्य गेले असे समजा.

तिफण
कोळसाधूळदादा, हे वाचून मी रात्री त्या मजुराच्या घरी गेले. तो दिवसाला ज्या शेतात पंप मारतो त्या शेताचा मालक आणि चिठ्ठी देणारा दुकानदार एकाच घरातले आहेत, हे मला आजवर ठाऊक नव्हते. नवरा अजूनही बोलायला तयार आहे, बायको आता नाही म्हणते. पेटी मात्र ती उघडून दाखवील, फक्त तिचे हात दिसले तर चालतील.

उंबरझरा
हातच पुरेत ताई.

धुरकरी
चर्चा ऐकतो आहे, तेव्हा माझ्याच म्हणण्यातील एक अडचण सांगतो. मी "मोजे घालायला सांगा" असे लिहिले, पण मी स्वतः घालत नाही. मोज्यांनी नोझलची चकती फिरत नाही. नोझल तुंबले की आमचा गडी ते तोंडाने फुंकतो. ओरडलो तर म्हणतो, "मालक, तार कुठं शोधू?"

तिफण
नोझल फुंकण्याचे दृश्य आमच्याकडे आहे. भावाने सहज काढलेले, सात-आठ सेकंदांचे. तो माणूस फुंकतो, थुंकतो, हात बंडीला पुसतो आणि त्याच हाताने कानातली विडी काढतो. आम्ही ते पहिल्यांदा पाहिले तेव्हा दोघेही काही बोललो नाही.

पैनगंगा
हे दृश्य मोलाचे आहे, पण जपून. ते एकटे दाखवले तर प्रत्येक प्रेक्षक म्हणेल, "बघा, यांनाच काळजी नाही." कंपनीचा वकील तर ते चौकटीत लावून घेईल.

मी कृषी महाविद्यालयात शिकवत असे, आता निवृत्त आहे. या वादात एक कागद फार महत्त्वाचा आहे आणि त्याकडे कुणाचे लक्ष जात नाही. संयुक्त राष्ट्रांची अन्न व कृषी संघटना आणि जागतिक आरोग्य संघटना यांची कीटकनाशकांच्या व्यवस्थापनाविषयी आंतरराष्ट्रीय आचारसंहिता आहे. तिच्या ३.६ या कलमाचा आशय असा: जी कीटकनाशके हाताळताना गैरसोयीची, महाग किंवा सहज न मिळणारी संरक्षक साधने वापरावी लागतात ती टाळावीत, विशेषतः उष्ण हवामानात, जेथे वापरणारे अल्पभूधारक आणि शेतमजूर असतात. म्हणजे प्रश्नाची दिशाच बदलते. मजुराने मोजे का घातले नाहीत, हा प्रश्न मागे पडतो. जे औषध मोज्यांशिवाय फवारता येत नाही ते भादव्याच्या उन्हात, डोक्याएवढ्या पऱ्हाटीत, पंपामागे मजुरी घेणाऱ्या माणसाच्या पाठीवर विकावे का, हा पुढे येतो. याला उत्तर देणे मजुराचे काम नाही, उत्पादकाचे आणि नोंदणी देणाऱ्याचे आहे.

२०१७ च्या घटनेतील एक्कावन्न कुटुंबांच्या वतीने २०२० मध्ये स्वित्झर्लंडमध्ये तक्रार दाखल झाली, तेव्हा वादाचा मोठा भाग हाच होता. आपल्या बाभुळगाव-आर्णीकडच्या माणसांचे कागद तिकडे वाचले गेले.

कॅमेऱ्याला एक गोष्ट जमते जी माझ्या व्याख्यानाला कधी जमली नाही. मोजे, चष्मा, मुखपट्टी असा संरक्षक संच घालून फवारणी करणाऱ्या माणसाचे न कापलेले चित्रण घ्या. घड्याळ लावा. काय होते ते होऊ द्या.

रात्रपाळी
सर, माणसावर असा प्रयोग करू नये. पंपात विष असेल आणि तो संच काढील, तर जबाबदार कोण?

पैनगंगा
आपले बरोबर आहे. पंपात साधे पाणी भरावे आणि शेत न फवारलेले निवडावे, हे लिहायचे राहिले.

कृषीकेंद्रवाला
संच माझ्याकडून घेऊन जा. पेटीसोबत फुकट आलेले दोन-चार पडून आहेत. एकात मात्र दोन्ही मोजे डाव्या हाताचे निघाले.

खारपाणपट्टा
दोन डावखुरे मजूर शोधा.

भाषाविलासी
थोडे अवांतर वाटेल, पण विषयाशी जोडलेले आहे. या धाग्यावर दुकानदार, शेतकरी, परिचारिका, प्राध्यापक आणि स्वतः धागाकर्त्या, सर्वजण त्या द्रवाला 'औषध' म्हणत आहेत. रुग्णालयात जे मिळते तेही औषध आणि ज्यामुळे रुग्णालयात जावे लागते तेही औषध. "त्याने औषध घेतले" हे वाक्य आपल्या भागात कोणत्या अर्थाने ऐकले जाते ते सांगायला नको. कंपनीच्या जाहिरातीने जेवढे केले नसेल तेवढे या एका शब्दाने केले आहे. निवेदनात 'विष' म्हणावे, अशी माझी सूचना आहे.

धुरकरी
निवेदनात विष म्हणा, पण बोलणाऱ्या माणसाच्या तोंडचे औषध बदलू नका. मी दुकानात जाऊन "एक लिटर विष द्या" म्हटले तर दुकानदार आधी माझ्या घरी फोन करील.

कृषीकेंद्रवाला
करीनच.

वकीलपेठ
प्रदर्शनाबद्दल एक राहिले. सार्वजनिक ठिकाणी माहितीपट दाखवायचा तर १९५२ च्या चलच्चित्र कायद्याप्रमाणे प्रमाणपत्र लागते, लांबी कितीही असो. अर्ज लवकर करा. कुणाला बंद पाडायचा असेल तर आशयावर वाद न घालता कागद मागितला जातो.

तिफण
सर्वांचे आभार. उशिरा लिहिते आहे, पण सांगण्यासारखे घडले आहे.

परवा आमच्याच वावरात प्रयोग केला. संच भावाने घातला. कॅमेरा मी धरला, आणि तिपाई असूनही माझा हात हलला आहे. पंपात विहिरीचे पाणी. दुपारी साडेअकरा वाजता सुरुवात केली, कारण मजूर त्या वेळेला अर्धे शेत उरकून बसलेला असतो. चौथ्या मिनिटाला चष्म्यावर वाफ धरली. सहाव्या मिनिटाला त्याने चष्मा कपाळावर चढवला. नोझल तुंबले तेव्हा मोजा काढला, आणि तो मोजा ठेवायला जागा नव्हती म्हणून दातांत धरला. तो मोजा विषात भिजलेला असता तर, हे मला घरी येऊन चित्रण पाहताना सुचले. बाराव्या मिनिटाला मुखपट्टी गळ्यात आली. सतराव्या मिनिटाला तो धुऱ्यावर बसला आणि म्हणाला, "बंद कर." पंपात निम्म्याहून जास्त पाणी शिल्लक होते. आमच्याकडचा मजूर दिवसाला पंधरा-वीस पंप मारतो.

ही सतरा मिनिटे न कापता ठेवायचे ठरवले आहे. त्यानंतर लगेच नोझल फुंकणाऱ्या माणसाचे दृश्य येईल, चेहरा न दाखवता. मग बायकोचे हात, पेटी, बाटली. लेबल झाकणार नाही, पण नाव निवेदनात उच्चारणारही नाही. नवऱ्याचे बोलणे त्याने स्वतः पाहून होकार दिला तरच राहील. कंपनीला आम्ही चार प्रश्न लेखी पाठवले आहेत आणि उत्तरासाठी तीस दिवस दिले आहेत. उत्तर आले तर ते जसेच्या तसे पडद्यावर येईल, नाही आले तर पोस्टाची पोच येईल. सावध करायचे की जाब विचारायचा, यावर भावाचे आणि माझे भांडण या सतरा मिनिटांनंतर झालेले नाही.

रात्रपाळी
आणि बाटली सोबत आणा, हे?

तिफण
शेवटच्या पाटीवर मोठ्या अक्षरांत आहे ताई, अंग धुण्याच्या सूचनेसह.

धुरकरी
दाखवणार कुठे? आमच्या गावात सभामंडप आहे, भजनी मंडळाचा स्पीकर मी मागून देतो. पण रात्री पडदा लावलात तर उजेडावर बोंडअळीचे पतंग येऊन बसतील, तेवढी तयारी ठेवा.

पैनगंगा
बसू द्या. मोजून घेऊ, सापळ्याचा खर्च वाचेल.

तिफण
धुरकरीभाऊ, नक्की येतो. प्रमाणपत्र वेळेत आले तर त्रिपुरी पौर्णिमेच्या आत तारीख ठरवू या. तुळशीचे लग्न लागले की भावाची बुकिंगे सुरू होतात आणि मग कॅमेराही मिळत नाही आणि भाऊही.